चेंडू किती फ्रेममध्ये खाली येतो: एका जपानी बेसबॉल मूकपटाचा वेग ठरवताना

जपानमधल्या एका लहान चित्रपट संग्रहाकडे आलेल्या अर्धवट मूकपटाचे हे प्रकरण आहे. संग्रह, रिळे देणारे कुटुंब आणि चित्रपट यांची नावे दिलेली नाहीत. ओळख पटेल असे काही बारीक तपशील बदलले आहेत. डागडुजी, स्कॅनिंग आणि साठवण यांबद्दल लागेल तेवढेच लिहिले आहे. मुख्य विषय एकच: हा चित्रपट पडद्यावर किती वेगाने चालवायचा, हे कसे ठरले.

पार्श्वभूमी

चित्रपट १९३०च्या आसपासचा. दोन विद्यार्थी तोक्योमध्ये एका गेशुकुत राहतात. गेशुकु म्हणजे घरमालकिणीच्या हाताखालची भाड्याची खोली, आपल्याकडच्या कॉट बेसिसच्या जवळ जाणारी. एक जण विद्यापीठाच्या संघाचा पिचर, म्हणजे फलंदाजाकडे चेंडू फेकणारा, आहे, तर दुसरा मैदानावर घोषणा देणाऱ्या पथकाचा म्होरक्या. अभ्यास दोघांचाही कच्चा. परीक्षा, घरून येणारे पैसे, थकलेले भाडे, आणि शेवटी मोठा सामना.

ही गोष्ट त्या काळात कुणालाही पटेल अशीच होती. वासेदा आणि केइओ या विद्यापीठांचा पहिला सामना १९०३मध्ये झाला. १९०६मध्ये दोन्हीकडच्या समर्थकांचे वातावरण इतके तापले की सामने थांबवावे लागले आणि ते पुन्हा सुरू व्हायला १९२५ साल उजाडले. त्याच वर्षी तोक्योची सहा विद्यापीठांची लीग उभी राहिली आणि १९२६मध्ये मेइजी जिंगू मैदान खुले झाले. जपानमध्ये व्यावसायिक लीग अजून यायची होती, त्यामुळे बेसबॉल म्हणजे विद्यार्थ्यांचा बेसबॉल. चौकोनी टोपी घातलेला पोरगा दिसला की प्रेक्षक त्याला ओळखायचे. शोचिकु कंपनीचा कामाता स्टुडिओ अशा विद्यार्थी-विनोदिकांसाठी प्रसिद्ध होता.

त्यातले फार थोडे शिल्लक आहे. यासुजिरो ओझू यांच्या ‘दाइगाकु वा देता केरेदो’ (१९२९) या पदवीधराच्या बेकारीवरच्या मूकपटाची लांबी सुमारे ७० मिनिटे होती, आज त्यातली सुमारे ११ मिनिटेच पाहायला मिळतात. त्यामुळे असे एखादे रीळ कुणाच्या माळ्यावर निघाले, तर ते अर्धवट आहे म्हणून कुणी नाक मुरडत नाही.

आले होते ते असे: ३५ मिलिमीटरच्या नायट्रेट (जुन्या, सहज पेटणाऱ्या फिल्मच्या) प्रिंटची तीन रिळे (दुसरे, तिसरे, पाचवे) आणि घरगुती पाथे-बेबी प्रोजेक्टरसाठी विकल्या जाणाऱ्या ९.५ मिलिमीटर संक्षिप्त आवृत्तीचे २० मीटरचे तीन डबे. १९२५पासून जपानच्या गृहमंत्रालयाची सेन्सॉरशिप देशभर एकच झाली होती आणि मंजूर चित्रपटांच्या नोंदीत रिळांची संख्या व लांबी मीटरमध्ये छापली जाई. त्या नोंदीप्रमाणे हा चित्रपट सहा रिळांचा, १,५६० मीटर. हाती लागलेले वापरण्याजोगे ३५ मिलिमीटर ७९० मीटर, म्हणजे निम्म्याहून जरासे जास्त.

साल नोंदीत होते, तरी पडताळणी केली गेली. जिंगूचे प्रेक्षागार १९३१मध्ये वाढवले गेले आणि सामन्याच्या दृश्यात दिसते ते वाढीव बांधकामाआधीचे. फिल्मच्या कडेवरच्या खुणा परदेशी कंपनीच्या होत्या. फुजी या जपानी फिल्म कंपनीची स्थापनाच १९३४ची असल्यामुळे त्यात वावगे काही नव्हते.

आधी वाचवायचे काय

कुटुंबाची पहिली इच्छा होती की गावातल्या सभागृहात जुना प्रोजेक्टर लावून एकदा सगळ्यांनी मिळून चित्रपट पाहावा. ही गोष्ट तिथल्या तिथे थांबवली गेली आणि ते योग्यच झाले. नायट्रेट पेटले की त्याला बाहेरचा ऑक्सिजन लागत नाही. पाण्याखालीही ते जळत राहते. खराब झालेले नायट्रेट तर चाळिशीतल्या तापमानालाही पेट घेऊ शकते. पुण्यात जानेवारी २००३मध्ये फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारातल्या नायट्रेट साठ्याला आग लागली आणि आपल्या मूकपटांचा मोलाचा ठेवा गेला. हे ज्याला माहीत आहे, तो असा डबा शेगडीजवळच काय, दुपारच्या उन्हातल्या गाडीतही ठेवणार नाही.

तपासणीत प्रत्येक रिळाचे आकुंचन मोजले. पद्धत साधी आहे. शाबूत ३५ मिलिमीटर फिल्मच्या १०० फ्रेमची लांबी १,९०० मिलिमीटर भरते. दुसऱ्या रिळाची १,८८५ भरली, तिसऱ्याची १,८८३, पाचव्याची १,८७०. पहिल्या दोघांचे आकुंचन १ टक्क्याच्या आत आहे, पण पाचव्याचे १.६ टक्के. असे रीळ दात्यांच्या चाकावर चढवले की छिद्रे फाटायला लागतात, म्हणून ते दाते नसलेल्या, रोलरवर चालणाऱ्या स्कॅनरवरच घ्यावे लागते. शिवाय पाचव्याच्या शेवटाकडे चिकटपणा आला होता आणि डबा उघडताच नाकाला झोंबणारा आंबूस वास. सामना नेमका याच रिळात होता.

इथे पहिला निर्णय चुकला. जबाबदारीची कागदपत्रे पूर्ण होईपर्यंत रिळे सात आठवडे साध्या खोलीत राहिली, आणि ते आठवडे जून-जुलैमधल्या त्सुयुचे, म्हणजे तिथल्या पावसाळी दमट दिवसांचे होते. डब्यांच्या कडेला कुटुंबाने चिकटपट्टी लावली होती, तीही तशीच राहिली. नायट्रेट कुजताना जो आम्ल वायू सुटतो तो डब्यात कोंडला की फिल्मला आणखी खातो. डबा उघडला तेव्हा पाचव्या रिळाचे शेवटचे ९ मीटर एकमेकांना चिकटून गठ्ठा झाले होते. ९ मीटर म्हणजे सुमारे ४७० फ्रेम. सामन्याचा शेवटचा डाव त्यातच होता.

अडचण: तीन रिळे आणि दोन वेग

स्कॅन झाल्यावर पहिली चाचणी नेहमीच्या २४ फ्रेम प्रतिसेकंदाने पाहिली गेली. खोलीतली माणसे तुरुतुरु चालत होती. सामन्यात तर पिचरचा हात फिरायच्या आत चेंडू फलंदाजामागे झेलायला बसलेल्या कॅचरकडे. मग १६ लावून पाहिले. सामना बरा वाटला, पण खोलीतली माणसे पाण्यात चालल्यासारखी दिसायला लागली.

मूकपटाचा वेग छापील मिळत नाही. कॅमेरा हाताने फिरवला जाई. हँडलची एक फेरी म्हणजे ८ फ्रेम, सेकंदाला दोन फेऱ्या म्हणजे १६, पण प्रत्यक्षात हे कॅमेरामनच्या हातावर आणि प्रसंगावर असायचे. चित्रगृहात प्रोजेक्टर आणखी वेगळ्या वेगाने चालत असे. जपानमध्ये तर पडद्याशेजारी बेन्शी उभा असायचा. तो सगळ्या पात्रांचे संवाद बोलायचा, गोष्ट सांगायचा आणि रंगात आला की प्रोजेक्टरवाल्याला वेग कमी-जास्त करायला लावायचा. तेव्हा ‘मूळ वेग’ असा एकच आकडा शोधणे व्यर्थ आहे. शोधायचे ते हे, की कॅमेऱ्याने कोणते दृश्य किती वेगाने टिपले आणि त्यात चित्रपट करणाऱ्यांचा हेतू काय होता.

पुरावे

सुरुवातीला सगळ्यांची नजर सामन्याकडे गेली, कारण बेसबॉलमध्ये अंतरे ठरलेली असतात. फलंदाज उभा असतो त्या होम प्लेटपासून पहिला बेस (फटक्यानंतर धावून गाठायचा पहिला टप्पा) २७.४३ मीटर, पिचर उभा असतो ती पट्टी होम प्लेटपासून १८.४४ मीटर. अंतर माहीत, फ्रेम मोजता येतात, म्हणजे वेग निघेल असा हिशोब.

पिचचा हिशोब लगेच बाद झाला. चेंडू हातातून सुटण्यापासून कॅचरच्या हातमोज्यात जाईपर्यंत जेमतेम ६-७ फ्रेम होत्या. तिथे एका फ्रेमची चूक म्हणजे १५ टक्क्यांची चूक.

धावण्याचा हिशोब जास्त उपयोगी ठरला, पण वेगळ्याच कारणाने. एका शॉटमध्ये फलंदाज फटका मारून पहिल्या बेसपर्यंत न थांबता धावतो. फ्रेम भरल्या ६२. संग्रहाने एका निवृत्त विद्यापीठ प्रशिक्षकाला विचारले. त्यांच्या मते त्या काळातल्या कपड्यांत आणि बुटांत, तेही खेळाडू नव्हे तर नट असताना, साडेचार ते पाच सेकंद लागणारच. ६२ फ्रेम साडेचार सेकंदांत म्हणजे कॅमेरा सेकंदाला १४च्याही खाली चालला होता. २४ने दाखवले तर तोच नट २.६ सेकंदांत पोहोचतो. तेवढा सरासरी वेग १०० मीटरच्या जागतिक विक्रमातही नाही.

मग चित्रपट १३-१४चा मानायचा का? इथेच बऱ्याच जणांचा पाय घसरतो. खोलीतली दृश्ये १४ने लावली की ती मरगळतात, हे डोळ्यांना दिसत होते. पण ‘डोळ्यांना दिसते’ हा पुरावा नाही, कारण २४च्या चित्रपटांवर वाढलेल्या डोळ्यांना कुठलाही जुना वेग खटकतो.

खरा पुरावा तिसऱ्या रिळात मिळाला, आणि तो सामन्याच्या दृश्यात नव्हताच. पिचर खोलीत चटईवर उताणा पडला आहे, परीक्षेचा निकाल लागायचा आहे, आणि विचार करता करता तो एका हाताने चेंडू वर उडवून झेलतो आहे. कॅमेरा बाजूला, स्थिर. शॉट जेमतेम १० सेकंदांचा. चेंडू सरळ वर जातो, सरळ खाली येतो आणि हाताला लागतो. तीनदा.

पडणाऱ्या चेंडूला हँडल फिरवणाऱ्याची पर्वा नसते. आणि उंची मोजायची पट्टी म्हणून चेंडूच वापरता येतो. बेसबॉलच्या चेंडूचा परीघ सुमारे २३ सेंटिमीटर, म्हणजे व्यास सुमारे ७.४. पहिल्या वेळी चेंडू हातापासून १० चेंडू-व्यास वर गेला, म्हणजे ७४ सेंटिमीटर. तेवढे वर जाऊन परत हातात यायला ०.७८ सेकंद लागतो. फ्रेम भरल्या १४. भागाकार १८. दुसऱ्या वेळी उंची ८ व्यास, वेळ ०.७ सेकंदाच्या किंचित आत, फ्रेम १२. उत्तर १७च्या थोडे वर. तिसऱ्या वेळी १२ व्यास, ०.८५ सेकंद, १५ फ्रेम. उत्तर १७.६.

हे मोजताना काय चुकते तेही सांगायला हवे. चेंडू वेगात असताना तो फ्रेममध्ये लांबट, पुसट दिसतो. व्यास तिथे मोजला तर पट्टीच खोटी ठरते. तो मोजायचा चेंडू सर्वांत वर क्षणभर थांबतो त्या फ्रेममध्ये. चेंडू कॅमेऱ्याकडे किंवा कॅमेऱ्यापासून दूर जात असेल तर तो शॉट वापरायचाच नाही. तिसरी गोष्ट खास जपानची. तिथे मुलांसाठी रबराचा हलका चेंडू पहिल्या महायुद्धानंतरच निघाला होता आणि तो आकाराने लहान असतो. तो धरला असता तर उत्तर १८ऐवजी १९च्या जवळ आले असते. मोठ्या आकारात पाहिल्यावर शिवणीची वळणदार रेघ दिसली, तेव्हा तो कातडी चेंडूच असल्याचे नक्की झाले. एवढे करूनही फ्रेम मोजण्यात एकाची चूक धरली तर उत्तर सव्वा फ्रेमने इकडे-तिकडे होतेच. म्हणून एकटा चेंडू पुरेसा मानला नाही. रस्त्यावरून जाणाऱ्या, कॅमेऱ्याकडे लक्ष नसलेल्या माणसांची पावले मोजली. माणूस साधारण सेकंदाला दोन पावले टाकतो. इथे पावलामागे ९ ते १० फ्रेम आल्या. म्हणजे १८ ते २०.

दोन्ही पुरावे एकाच जागी येऊन थांबले. चित्रपट साधारण १८चा. सामन्यातला खेळ मात्र १३-१४ने टिपलेला.

आता दुसरा प्रश्न आला. तो मुद्दाम तसा टिपला, की ढगाळ दिवशी उजेड कमी पडला म्हणून हँडल हळू फिरवले? हळू फिरवले की प्रत्येक फ्रेमला प्रकाश जास्त मिळतो, कॅमेरामन तसे करत. उत्तर त्याच रिळात होते. त्याच मैदानावर, सावल्यांवरून पाहिले तर त्याच उन्हात, टिपलेल्या प्रेक्षकांच्या आणि घोषणापथकाच्या शॉटमध्ये टाळ्या आणि चाल १८लाच नैसर्गिक दिसत होती. ऊन तेच, वेग वेगळा. म्हणजे खेळ मुद्दाम संथ हँडलने टिपला होता. सामना खेळणारे नट होते, खेळाडू नव्हते, आणि त्यांना चपळ दाखवायचे होते.

पर्याय

तंत्रज्ञाने सुचवले की दृश्यागणिक वेग बदलावा: खोली १८ने, खेळ १४ने, म्हणजे सगळेच ‘खरे’ दिसेल. डिजिटल प्रतीत हे सहज होते. चाचणी केली, आणि ती करून पाहिली हे फार बरे झाले. सामना रटाळ झाला. नटांच्या फेकीतला कच्चेपणा उघडा पडला, घसरून बेस गाठण्याच्या प्रसंगाला काही धारच उरली नाही. त्या दृश्याची गंमत कॅमेरामनच्या हातात होती आणि तो हातच या प्रतीने काढून टाकला होता. आमच्या मते हा पर्याय सर्वांत धोक्याचा आहे, कारण शास्त्रशुद्ध वाटत असताना तो चित्रपट बदलतो.

२४चा आग्रह धरणारी बाजू व्यवहाराची होती. कोणत्याही चित्रगृहात चालेल, संगीताचा पट्टा जोडता येईल, खर्च कमी. पण २४ने हे ७९० मीटर २९ मिनिटांत संपतात, १८ने ३८ मिनिटांत. संग्रहाने ज्या बेन्शी कलावतीला बोलावले होते, तिने २४ची चाचणी खोलीच्या दृश्यावर केली. दोन मित्रांच्या संवादात घरमालकीण मध्येच येते आणि तिघांचे आवाज पाळीपाळीने यायला हवेत. तिसरा आवाज काढेपर्यंत दृश्य संपून जायचे. तिने २०लाही ‘जमेल, पण श्वास घ्यायला जागा नाही’ असे सांगितले.

२०च्या बाजूने एक गोष्ट मात्र खरी होती. ६० फ्रेमच्या डिजिटल प्रतीत २० बरोबर तीनदा बसते, त्यामुळे हालचाल गुळगुळीत राहते. १८ तसे बसत नाही. २४मध्ये १८ घालायचे तर दर तिसरी फ्रेम दोनदा दाखवावी लागते. खोलीत ते कळत नाही. पण उंच उडालेल्या चेंडूमागे कॅमेरा फिरतो तिथे चेंडू अडखळत जातो. यावर संगणकाने मधल्या फ्रेम तयार करायचा उपाय पाहिला गेला. वेगवान, लहान, गोल वस्तूला संगणक फसतो: चेंडू हवेत अर्ध्यावर विरघळायचा आणि पुढे पुन्हा उमटायचा. एका शॉटमध्ये दोन चेंडू दिसले. तो उपाय त्याच दिवशी सोडला.

काय केले

सगळ्या चित्रपटाला एकच वेग ठरला, १८. सामना त्यामुळे खऱ्यापेक्षा सुमारे तिसऱ्या हिश्श्याने जलद दिसतो आणि तसाच दिसावा, असे नोंदवहीत कारणासह लिहिले गेले. पुढे कुणाला फेरविचार करायचा असेल तर चेंडूची मोजमापे, फ्रेमचे क्रमांक आणि सावल्यांचे फोटो सोबत ठेवले आहेत.

मुख्य प्रत म्हणून पॉलिएस्टरवर नवी ३५ मिलिमीटर प्रिंट काढली. वेग बदलता येणाऱ्या प्रोजेक्टरवर तीन पात्यांचे शटर बसवले. दोन पात्यांनी १८ला सेकंदाला ३६ उघडझापा होतात आणि पडदा लुकलुकतो, तीन पात्यांनी ५४ होतात आणि डोळा शांत राहतो. डिजिटल दोन प्रकारे दिले: जिथे प्रोजेक्टर ७२ हर्ट्झवर चालतो तिथे १८ची फाइल (प्रत्येक फ्रेम बरोबर चार वेळा), बाकी ठिकाणी दर तिसरी फ्रेम दोनदा दाखवणारी २४ची प्रत, आणि ती दुय्यम आहे हे स्पष्ट लिहून.

पहिल्या चाचणी-खेळाला एक चूक सापडली. प्रोजेक्टरमध्ये बोलपटाची खिडकी, म्हणजे चित्राचा किती भाग पडद्यावर जाईल हे ठरवणारी चौकट, लावलेली होती. बोलपटात ध्वनीचा पट्टा डाव्या कडेला बसतो, म्हणून ती खिडकी चित्राची डावी कड कापते. मूकपटात चित्र तिथपर्यंत असते. एरवी कुणाच्या लक्षातही आले नसते. पण हा बेसबॉल आहे: कॅमेरा होम प्लेटच्या मागे ठेवला की तिसरा बेस डावीकडे येतो. तिसऱ्या बेसवरचा खेळाडू पडद्यावरून गायब झाला आणि तो अचानक होम प्लेटला कसा पोहोचला, हे कुणालाच कळेना. मूकपटाची पूर्ण खिडकी लावल्यावर तो परत आला.

९.५च्या डब्यांतून ३५मध्ये नसलेल्या सुमारे ३,२०० फ्रेम मिळाल्या, म्हणजे जवळपास तीन मिनिटे. त्यांनी दोनदा फसवले. पहिल्यांदा वाटले की यात पाट्याच (संवाद आणि मजकूर लिहिलेल्या फ्रेम) नाहीत. पाथे-बेबीत पाटीच्या थोड्याच फ्रेम असतात आणि फिल्मच्या कडेला एक खाच. खाच आली की प्रोजेक्टर तिथे काही सेकंद थांबतो आणि प्रेक्षक पाटी वाचतो. स्कॅनर थांबत नाही, त्यामुळे पाट्या पापणी लवायच्या आत निघून गेल्या. कडेच्या खाचा शोधून, तिथली फ्रेम लांबवून, त्या परत आणाव्या लागल्या. दुसरी फसगत: ९.५मध्ये छिद्र दोन फ्रेमच्या मधोमध असते, त्यामुळे फिल्म उलटी चढली तरी अडत नाही. एका तुकड्यात पाटीही नव्हती, त्यामुळे अक्षरे उलटी दिसण्याचा प्रश्न नव्हता. फटका मारून खेळाडू पहिल्याऐवजी तिसऱ्या बेसकडे पळाला, तेव्हा चूक कळली.

शॉटचा क्रम हा वेगळा वाद होता. पाचव्या रिळात मूळच्या जोडांखेरीज नंतर कुणीतरी केलेले तीन जोड सापडले. धावफलकावरून क्रम लावावा असा मोह झाला, पण धावफलकाचे दोन शॉट खऱ्या सामन्यातून घेतलेले निघाले: त्यावरचे संघ कथेतले नव्हते. म्हणून धावफलकाला साक्षीदार मानले नाही. फक्त त्या तीन जोडांपाशी प्रश्न विचारला, सेन्सॉरकडे दिलेल्या संहितेशी ताडून पाहिले आणि दोन शॉट हलवले. बाकी प्रिंटप्रमाणेच.

निकाल

लांबवलेल्या आणि नव्या स्पष्टीकरणाच्या पाट्या धरून चित्रपट ४३ मिनिटांचा झाला. बेन्शी आणि पियानोसह तो पॉलिएस्टर प्रिंटवरून दाखवला गेला. खोलीतला चेंडू उडवण्याचा शॉट, ज्यावर सगळे गणित उभे होते, तिथे बेन्शीने एकही शब्द उच्चारला नाही. १८ला तो शॉट तेवढा वेळ देतो.

सामन्याच्या हरवलेल्या शेवटाबद्दल शेवटपर्यंत मतभेद होते. संहितेत काय घडते ते लिहिलेले आहे, म्हणून बहुतेकांना पाटी हवी होती. बेन्शीने काळा पडदा मागितला: ४७० फ्रेम म्हणजे १८ने २६ सेकंद, तेवढाच अंधार आणि त्यात तिचा आवाज. संग्रहाने दोन्ही ठेवले. बेन्शी असेल तेव्हा अंधार, नसेल तेव्हा पाटी.

वेगळे काय करता आले असते

कागदपत्रांची वाट पाहायला नको होती. रिळे ताब्यात आली त्याच दिवशी चिकटपट्टी काढून, हवा खेळेल असे झाकण लावून, ४ अंशांच्या आसपासच्या नायट्रेट कोठारात तात्पुरती ठेवण्याचा करार आधीच तयार हवा होता. तपासणीआधी तीनही रिळांचा वास आणि चिकटपणा पाहून पाचव्याला सर्वांत आधी घेतले असते, तर शेवटचा डाव बहुधा वाचला असता.

वेगाच्या चाचण्यांत दोन आठवडे सामन्यावर गेले. स्थिर कॅमेरा, मोकळा पडणारा किंवा उडणारा पदार्थ, आणि ज्याचे माप ठाऊक आहे अशी वस्तू, असे शॉट आधी शोधायचे. ते सहसा शांत दृश्यात असतात, धावपळीत नाहीत, कारण धावपळीतच कॅमेरामन हँडलशी खेळतो. बेन्शीलाही शेवटी नव्हे, पहिल्या चाचणीलाच बोलवायला हवे होते. तीन आवाजांना किती जागा लागते, हे तिला कागदाशिवाय कळत होते.

खिडकीची चूक तर टाळता येण्यासारखीच होती. प्रिंटसोबत आता एक पान जाते: १८ फ्रेम, तीन पात्यांचे शटर, मूकपटाची खिडकी, आणि खाली एक फ्रेम छापलेली आहे जिच्यात तिसऱ्या बेसवरचा खेळाडू डाव्या कडेला स्पष्ट दिसतो. तो पडद्यावर दिसत नसेल तर खेळ सुरू करायचा नाही.

चिकटलेले ९ मीटर टाकून दिलेले नाहीत. वेगळ्या, हवेशीर डब्यात ते थंड कोठारात आहेत, आणि दर सहा महिन्यांनी कुणीतरी डबा उघडून गठ्ठ्याची कड पाहते. बाहेरच्या दोन वेढ्यांवर अजून मैदानाचे कुंपण आणि उंचावलेला एक हात दिसतो.